एकवीस धावांत आठ, आणि चहाची पाळी

हॅदरशॉ क्रिकेट क्लबच्या पॅव्हेलियनमध्ये बारच्या वर ओक लाकडाचा एक फळा आहे. त्यावर सोनेरी अक्षरांत क्लबचे विक्रम लिहिले आहेत. विक्रम फारसे नाहीत, म्हणून अक्षरं मोठी काढावी लागली. तिसरी ओळ अशी आहे: सर्वोत्तम गोलंदाजी – सी. ऑल्ड्रॉइड, २१ धावांत ८ बळी, विरुद्ध अप्पर नॅब, १९५९.

सी म्हणजे क्लेमंट. हा गृहस्थ वीस वर्षं क्लबकडून खेळला आणि कुठल्याही मोसमात त्याच्या बळींचा आकडा चारच्या पुढे गेला नाही. फळ्यावरच्या त्या शनिवारी तर तो मैदानावरही नव्हता. घरी पलंगावर उशाशी बादली घेऊन पडला होता. आठ बळी त्याच्या बहिणीने, एनिडने घेतले. गावात हे सगळ्यांना ठाऊक आहे. एकट्या फळ्याला ठाऊक नाही.

एनिड ऑल्ड्रॉइड चौदाव्या वर्षी लोकरीच्या गिरणीत रफू खात्यात लागली. मागावरून उतरलेलं कापड उताराच्या टेबलावर पसरायचं, बोटं फिरवून तुटलेला धागा, राहिलेली गाठ शोधायची आणि सुईने असं सुधारायचं की गिऱ्हाइकाला पत्ता लागू नये. डोळ्यांपेक्षा बोटांचं काम. तीच बोटं तिने चेंडूच्या शिवणीवर ठेवली. गिरणीच्या आवारात क्लेमंट बॅट घेऊन उभा राहायचा आणि ही टाकायची. तिसऱ्या उन्हाळ्यात क्लेमंटने बहिणीबरोबर खेळणं सोडलं. कारण विचारलं तर म्हणे, आता आपण मोठे झालो.

गावच्या क्लबात बाईला खेळाडू म्हणून नोंदवायची सोय नव्हती. नियम १८९४ साली केलेले. करणाऱ्यांच्या मनात बाईचा विचार आला तो फक्त चहाच्या कलमात. म्हणून एनिड दर रविवारी दोन बस बदलून जिल्ह्याच्या महिला संघाकडून खेळायला जायची. तेवीस वर्षांची असताना तिची इंग्लंडच्या संघात निवड झाली. ऑफस्पिन टाकायची, सहाव्या क्रमांकावर फलंदाजी करायची आणि स्लिपमध्ये उभी राहायची. अकरा कसोटी सामने खेळली. बोटीने ऑस्ट्रेलियाला गेली आणि तिथे एका डावात सहा बळी घेऊन दुसऱ्या दिवशी सत्तावन्न धावा काढल्या. दौऱ्याच्या व्यवस्थापक बाई सामन्याच्या सकाळी मुलींना ओळीने गुडघ्यांवर बसवायच्या आणि फूटपट्टीने मोजायच्या. पांढऱ्या स्कर्टची कड जमिनीपासून चार इंचांच्या वर गेलेली चालत नसे. इंग्लंडची अब्रू त्या चार इंचांत होती.

गिरणीने सहा महिन्यांची बिनपगारी रजा दिली. प्रवासखर्चासाठी चर्चच्या बायकांनी जुने कपडे आणि जॅम विकलं. क्रिकेट क्लबनेही मन मोठं केलं. ती परत आली तेव्हा अध्यक्ष हर्बर्ट क्रॅब्ट्री यांनी समितीच्या वतीने तिला एक भेट दिली. केक ठेवायचा तीन मजली स्टँड.

"चहाच्या दिवशी कामाला येईल, पोरी," ते म्हणाले.

क्रॅब्ट्री गावचे खाटीक. चहासाठी हॅम त्यांच्याच दुकानातून यायचं, इतकं पातळ कापलेलं की सँडविचमधून पलीकडचं मैदान दिसावं. घरच्या मैदानावर सामना असला की दोन डावांच्या मध्ये बावीस माणसांना आणि दोन्ही पंचांना चहा द्यायचा, ही क्लबच्या बायकांची कामगिरी. पाळीचा तक्ता स्वयंपाकघराच्या दारावर लावलेला असायचा आणि खेळाडूंच्या यादीपेक्षा तो जास्त काटेकोर पाळला जायचा. एनिड सोळाव्या वर्षापासून त्या तक्त्यावर होती. नुसती 'एनिड' म्हणून. आडनाव लिहायची कुणाला गरज वाटली नव्हती.

१९५९ च्या ऑगस्टमध्ये अप्पर नॅबशी सामना होता. अप्पर नॅब म्हणजे टेकडीपलीकडचं गाव. दोन्ही गावांत सोयरिकी होत्या, तरी या शनिवारी सासरे जावयांशी बोलत नसत. हॅदरशॉ हरलं असतं तर लीगच्या खालच्या गटात गेलं असतं. आणि सकाळी नऊ वाजता निरोप आला की क्लेमंट उठू शकत नाही. आदल्या संध्याकाळी त्याने डुकराचं मांस भरून भाजलेली एक अख्खी पोर्क-पाय खाल्ली होती. पोर्क-पाय क्रॅब्ट्रींच्या दुकानातली.

क्रॅब्ट्री स्वतः ऑल्ड्रॉइडांच्या दारात आले. वर क्लेमंट ओकत होता, ते खालपर्यंत ऐकू येत होतं.

"दुसरा कुणी नोंदवलेला नाही?" एनिडने विचारलं.

"दोघं ब्लॅकपूलला गेलेत. सुट्टीवर."

"मग दहा जण खेळा. नियमात बसतं."

क्रॅब्ट्रींना हे शिवी दिल्यासारखं लागलं. "हॅदरशॉ १८९४ पासून एकदाही दहा जणांनी मैदानात उतरलेलं नाही. युद्धातसुद्धा नाही. आणि लोक विचारतील ना, क्लेमंटला झालं काय म्हणून."

"झालं काय ते मी सांगते की."

"एनिड." क्रॅब्ट्रींनी हातात टोपी घेतली. "त्याचे कपडे घाल. टोपी खाली ओढ. तू फक्त सीमारेषेपाशी उभी राहायचंस. चेंडू आला तर पायाने अडव. कुणी बघणार नाही."

नियम मोडायला ते तयार होते, पण दहा जणांनी उतरायला तयार नव्हते. हॅदरशॉमध्ये याला परंपरा म्हणतात.

एनिड तयार झाली. का, तर गावच्या मैदानावर, ज्याच्या कडेने ती बारा वर्षं बशा घेऊन फिरली होती, तिथे तिला एकदा आत उभं राहायचं होतं. एवढंच. तिने क्लेमंटची पँट कमरेला मफलरने बांधली. तिला ओळखलं नाही असा एकही माणूस मैदानात नव्हता. नॅबचा कर्णधार सेथ मिजली नाणेफेकीला आला, त्याने सीमारेषेकडे बघितलं आणि हसला.

"तो तुमचा क्लेमंट आज बारीक दिसतोय."

"आजारी होता," हॅदरशॉचा कर्णधार सिरिल थ्वेट म्हणाला. तो शाळामास्तर होता आणि खोटं बोलताना कान लाल व्हायचे.

मिजलीला तेव्हाच हरकत घेता आली असती. पण समोर एक माणूस कमी आहे, वर एक बाई उभी आहे, असा सामना कोण सोडतो? नॅबच्या एक बाद एकाहत्तर झाल्या. थ्वेटचे दोन्ही वेगवान गोलंदाज दमले. त्याने एकदा पॅव्हेलियनकडे बघितलं. क्रॅब्ट्री जोरजोरात मान हलवत होते, नाही म्हणून. थ्वेट आयुष्यात एकदाच अध्यक्षांच्या विरुद्ध गेला, तो त्या क्षणी. त्याने चेंडू एनिडकडे टाकला.

तिचा दुसराच चेंडू मिजलीच्या ऑफस्टंपबाहेर पडला, आत वळला आणि मधली यष्टी घेऊन गेला. मिजली खाली वाकला. जमीन चाचपली.

"खड्ड्यावर पडला."

"कुठाय खड्डा?" यष्टिरक्षकाने विचारलं.

"आहे इथे कुठेतरी."

पुढे नॅबच्या सात जणांना तोच खड्डा वेगवेगळ्या ठिकाणी सापडला. एक जण धावबाद झाला, तो पलीकडच्या टोकाला पळून वाचायच्या नादात. अठ्ठ्याण्णव धावांत सगळे बाद. शेवटचा फलंदाज परतताना मिजलीला म्हणाला, "हरकत घे ना. बाई आहे ती."

"घेतो," मिजली म्हणाला. "लीगला पत्र लिहितो. आमचे आठ जण एका बाईने बाद केले, असं लिहू? सही तू करतोस?"

त्याने नाही केली. कुणीच नाही केली. नॅबने सामना हातचा जाऊ दिला, पण ते वाक्य कागदावर येऊ दिलं नाही. आणि याच समजूतदारपणावर पुढची बारा वर्षं दोन्ही गावं सुखाने नांदली.

त्याआधी, डाव चालू असतानाच, पाच बळींची टोपी फिरली होती. गोलंदाजाने पाच घेतले की प्रेक्षकांत टोपी फिरवून नाणी गोळा करायची, ही तिकडची पद्धत. टोपी परत आली ती क्रॅब्ट्रींच्या हातात. त्यांनी ती कपाटात ठेवली. धावपुस्तकात नाव क्लेमंटचं होतं, त्यामुळे नाणीही क्लेमंटचीच. सोमवारी त्याचं पोट बरं झालं आणि त्याने सगळ्यांना बीअर पाजली.

पण ते सोमवारी. शनिवारी मध्यंतरात एनिड पॅव्हेलियनच्या पायऱ्या चढत होती तेव्हा क्रॅब्ट्री दारात उभे होते. तिला वाटलं, काहीतरी बोलतील.

"एनिड, अगं बंब अजून लावलेला नाही. आज तुझी पाळी ना?"

तक्ता खोटा बोलत नव्हता. एनिडने क्लेमंटच्या पँटीवर एप्रन बांधला आणि बंब पेटवला. खेळाडू आत, चहावाल्या बाहेर, आणि मध्ये भिंतीत एक खिडकी, अशी रचना होती. बायकांना आत मज्जाव. म्हणजे सामन्यात आठ बळी घेणारा खेळाडू खिडकीच्या चुकीच्या बाजूला होता. मिजलीने खिडकीतून कप पुढे केला.

"साखर दोन. आणि ते अंड्याचं सँडविच आहे का अजून?"

"आहे. त्यात खड्डा नाही," एनिड म्हणाली.

दुसऱ्या डावात ती अकराव्या क्रमांकावर गेली. अठरा हव्या होत्या. चौदा तिने काढल्या, चार थ्वेटने. हॅदरशॉ खालच्या गटात गेलं नाही. संध्याकाळी सगळे पुरुष बारमध्ये गेले तेव्हा तिने बशा विसळता विसळता धावपुस्तक उघडून बघितलं. सी. ऑल्ड्रॉइड. आठ वेळा. गुणलेखकाचं अक्षर सुंदर होतं.

तिला त्या वेळी फार राग आला नाही. धावपुस्तक कपाटात राहतं. कपाटातलं खोटं तिला चालण्यासारखं होतं.

१९७१ साली क्लबने नवीन पॅव्हेलियन बांधलं आणि क्रॅब्ट्रींच्या डोक्यात फळा आला. जुनी धावपुस्तकं काढली गेली, रंगारी बोलावला गेला. एनिड तेव्हा चाळीस वर्षांची. इंग्लंडकडून खेळणं संपलं होतं, जिल्ह्याकडून चालू होतं, गिरणीत रफू खात्याची मुकादम झाली होती, आणि चहाची पाळी होतीच. फळ्यावर खडूने आखलेल्या ओळी तिने खिडकीतून वाचल्या आणि सरळ खाटकाच्या दुकानात गेली. कपाटातलं खोटं आता भिंतीवर, सोन्यात येत होतं.

"तिसरी ओळ बदला," ती म्हणाली. "ई. लिहा. माझं नाव."

क्रॅब्ट्रींनी सुरी पुसली. "पुस्तकात सी. आहे."

"पुस्तकात का सी. आहे ते तुम्हाला ठाऊक आहे. तुम्हीच लिहायला लावलंत."

"बरोबर. म्हणजे मीच लिहायला लावलेलं मीच खोडू? बघ पोरी, ई. लिहिलं की सामना बेकायदा. सामना बेकायदा की आम्ही त्या वर्षी खाली गेलो. खाली गेलो की त्रेसष्टचा चषक कसा जिंकला? तो पण फळ्यावर आहे. पहिल्या ओळीत."

"मग ती ओळच काढा. माझ्या नावाने नको, त्याच्याही नको."

"सर्वोत्तम गोलंदाजी नाही? क्लबच्या फळ्यावर?" क्रॅब्ट्री खरोखर दुखावले. "त्याच्या खालची कामगिरी पाच बळींची आहे. शोभेल का ते?" मग आवाज मऊ करून म्हणाले, "आडनाव तर तुझंच आहे ना?"

रविवारी क्लेमंटकडे जेवण होतं. भाजलेलं बीफ, यॉर्कशायर पुडिंग, ग्रेव्ही. एनिडने ताटावरच विचारलं.

"तू समितीला सांग, क्लेमंट. तू सांगितलंस तर त्यांना बदलावं लागेल. मला दुसरं काही नको. एवढं एकदा नाव लागू दे."

क्लेमंटने आधी ग्रेव्ही वाढून घेतली. "तुला काय कमी आहे गं? इंग्लंडकडून खेळलीस. बोटीने गेलीस. मला आयुष्यात ही एकच गोष्ट मिळाली."

"मिळाली नाही. तू बादलीत तोंड घालून पडला होतास."

"बारा वर्षं लोक मला विचारतात, तो चेंडू कसा टाकलास. मीही सांगतो. आता मला स्वतःलाच आठवतं टाकल्यासारखं." तो हे लाजून म्हणाला नाही. "पुडिंग घे अजून."

उद्घाटनाच्या शनिवारी गाव लोटलं. पडदा ओढायला लीगचे अध्यक्ष आले होते, आणि लीगचे अध्यक्ष होते सेथ मिजली. एनिडची चहाची पाळी होती. खिडकी नव्या इमारतीतही ठेवली होती, फक्त चांगल्या लाकडाची. तिने बंबात पाणी भरलं, पण काडी ओढली नाही. तिला आधी मिजली काय बोलतो ते ऐकायचं होतं. क्रॅब्ट्री खोटं बोलणार, क्लेमंट बोलणार, हे तिला माहीत होतं. पण मिजलीचा त्रिफळा तिने स्वतः उडवला होता. त्याच्या डोळ्यांत डोळे घालून.

पडदा ओढला. टाळ्या झाल्या. मिजलीने तिसरी ओळ वाचली, एकदा खिडकीकडे बघितलं, आणि घसा साफ केला.

"या आठांतला एक मी," तो म्हणाला. "ऑल्ड्रॉइडसारखा ऑफस्पिन मी परत पाहिला नाही. हातभर वळायचा. क्लेमंट, हात मिळव."

क्लेमंटने हात मिळवला. वर दोन शब्द बोलायला उभाही राहिला. मनगट कसं फिरवायचं ते हवेत दाखवलं. ऑफस्पिन बोटांनी टाकतात, मनगटाने नाही. खिडकीपलीकडे उभ्या असलेल्या बाईशिवाय हे कुणाच्या लक्षात आलं नाही.

एनिडने खिडकीतून डोकं आत घातलं. नियमात फक्त पाय टाकायला बंदी होती.

"क्लेमंट, बाहेर टाकून दाखव की एक. मिस्टर मिजली आहेतच. बॅटही आहे. लोकांना बघू दे."

लोकांना कल्पना आवडली. लोकांना बीअर मिळाली होती. नको नको म्हणता म्हणता क्लेमंटला गवतावर नेलं, एक यष्टी रोवली, मिजलीने कोट काढून बॅट घेतली. क्लेमंटचा पहिला चेंडू मिजलीच्या डोक्यावरून गेला. दुसरा बाबागाडीतल्या एका बाळाच्या दिशेने. तिसरा टप्पा न पडता पोटावर आला आणि मिजलीने सभ्यपणे तो खाली थोपवला.

"बारा वर्षं झाली हो," क्रॅब्ट्री ओरडले. "खांदा गेला बिचाऱ्याचा!" लोकांनी सहानुभूतीने टाळ्या वाजवल्या.

चेंडू घरंगळत स्वयंपाकघराच्या दाराशी आला होता. एनिडने तो उचलला. एप्रनला पुसला, शिवणीवर बोट फिरवलं आणि चार पावलं चालत आली. मिजलीने तिला बघितलं आणि बॅटवरची पकड बदलली. म्हणजे आठवत होतं. चेंडू यष्टीच्या बाहेर पडला, आत वळला, बॅट आणि पाय यांच्या मधून गेला. यष्टी आडवी झाली.

कुणी टाळी वाजवली नाही. सगळे मिजलीकडे बघत होते. त्याला एक वाक्य बोलायचं होतं. सगळ्या मैदानाला ते वाक्य माहीत होतं. तो खाली वाकला. बुटाने गवत चाचपलं.

"खड्डा आहे इथे," मिजली म्हणाला.

"नवीन हिरवळ आहे," क्रॅब्ट्री घाईघाईने म्हणाले. "बसायची आहे अजून."

मग हशा झाला, सुटका झाल्यासारखा. क्लेमंटच सगळ्यात मोठ्याने हसला.

एनिडने चेंडू एप्रनमध्ये गुंडाळला, ते गाठोडं खिडकीच्या कठड्यावर ठेवलं आणि ती फाटकाकडे निघाली. क्रॅब्ट्रींना ती कुठे चालली आहे हे कळायला पाच मिनिटं लागली, आणि बंबाला हात लावून बघितल्यावर तो गार आहे हे कळायला आणखी पाच. उद्घाटनाला आलेले पाहुणे, दोन संघ, दोन पंच आणि लीगचे अध्यक्ष यांच्यापुढे कापलेल्या सँडविचची ताटं होती आणि चहा नव्हता. बंब कसा पेटवायचा हे बावीस क्रिकेटपटूंपैकी एकालाही ठाऊक नव्हतं. थ्वेटने प्रयत्न केला. त्याची भुवई जळली.

समितीची तातडीची बैठक सोमवारी झाली. १९५९ बद्दल कुणी बोललं नाही. फळ्याबद्दल नाही, खड्ड्याबद्दल नाही. चहाबद्दल मात्र सव्वा तास चर्चा झाली. दोषी व्यक्तीचं नाव स्पष्ट असावं, उगाच दुसऱ्या कुणावर ठपका नको, असा आग्रह खुद्द क्रॅब्ट्रींनी धरला. इतिवृत्त टाइप करून, सही-शिक्क्यानिशी, फाटकाजवळच्या काचेच्या पेटीत लावलं.

मंगळवारी गिरणी सुटल्यावर एनिड तिथे सायकलवरून उतरली आणि तिने वाचलं: 'मिस एनिड ऑल्ड्रॉइड यांनी दिनांक ८ मे रोजी चहा दिला नाही. समिती याची गंभीर नोंद घेत आहे.'

तिने काचेवर बोट ठेवून नाव एकदा पहिल्यापासून शेवटपर्यंत बघितलं, कापड तपासावं तसं. मग ती सायकलवर बसली. सहा वाजता जिल्हा संघाचा सराव होता आणि अजून दोन टेकड्या चढायच्या होत्या.

हॅदरशॉ क्लबच्या सगळ्या कागदपत्रांत तिचं पूर्ण नाव तेवढ्या एकाच ठिकाणी आहे. तो कागद पुढे इतिवृत्ताच्या वहीत चिकटवला आणि वहीला कातडी बांधणी केली. ती चांगली जपून ठेवली आहे.